ओट्यावरचे मॉस्को

लातूर जिल्हा नवा झाला त्या सुमाराच्या दुष्काळात मी ज्या महादेवाचा पुजारी होतो त्याच्या आवारातील हातपंप दर आठ-पंधरा दिवसांनी बिघडे, आणि तो दुरुस्त करायला सायकलवरून एक मेकॅनिक येई. पंप उघडण्यापूर्वी तो पिशवीतील सुटे नट आणि वायसर ओट्यावर मांडी. "हे नट म्हंजे जर्मनाचे रणगाडे, हे वायसर रशियाची पलटण, अन् ही बादली मॉस्को," असे म्हणून तो काम करता करता जर्मन फौजेची चढाई सांगे. माघार घेणाऱ्या रशियनांनी धान्य जाळले, विहिरी नासवल्या, इथवर आला की त्याचा पाना हातातच थांबे. "दुश्मनाला घोटभर पाणी ठिवलं न्हाई, गुरुजी!"

वैशाखात पलीकडच्या वस्तीतील बायका पाण्यासाठी येऊ लागल्या. देवाच्या अभिषेकाला पाणी उरणार नाही या भयाने मी त्याला पंपाचा दांडा काढून ठेवण्यास सांगितले. "तुझ्या रशियनांनी तरी दुसरे काय केले?" असेही वर म्हणालो.

त्याने रांगेतील घागरींकडे पाहिले. "हाव, गुरुजी. पण ह्या बाया कोणच्या फौजेतल्या हायत?"

त्याने दांड्याला तेल दिले, ओट्यावरची दोन्ही सैन्ये एकाच पिशवीत भरली आणि सायकलवर टांग मारली.

दुसऱ्या दिवसापासून मी महादेवाचा अभिषेक एका पळीभर पाण्यात आटोपू लागलो.