घुमटाखाली पाच पुणेकर

ट्रिपचे फोटो कुणी बघत नाही. आम्ही रोमहून दोन हजारांवर फोटो आणले, ते सगळे फोनमध्येच पडून आहेत. किस्से मात्र रोज निघतात. सकाळी नदीकाठी चालून झालं की आम्ही पाच जण नारायण पेठेत एका टपरीवर चहाला बसतो. कुणीतरी एक आठवण काढतं, तिला दुसरी चिकटते, आणि चहा परत सांगावा लागतो. बाकी युरोप राहिला बाजूला, सगळे किस्से एकाच सकाळचे आहेत. त्या सकाळी आम्ही सेंट पीटर्स बॅसिलिका हे तिथलं प्रचंड चर्च बघायला गेलो होतो.

आधी आम्ही पाच जण कोण, ते सांगतो. मी पोस्टातून रिटायर झालेला कारकून. माझी बायको शुभा, तीस वर्षं शाळेत चित्रकला शिकवत होती. कुंदाताई आमच्या गल्लीतल्या, एकट्या राहतात, आणि कशाचंही कौतुक करायचं नाही हा त्यांचा नियम आहे. दत्ताभाऊ कसबा पेठेतले तांबट, सगळी हयात तांबं ठोकण्यात गेली. आणि वानखेडे, मूळचे अकोल्याचे. फोर्जिंगच्या कारखान्यात वरची अवजड क्रेन चालवायचे. पूर्वी आमच्या शेजारी भाड्याने राहायचे. आता धायरीला स्वतःचा फ्लॅट आहे, तरी सकाळच्या चहाला स्कूटर घेऊन इथेच येतात.

*

आमची गाईड फ्रान्चेस्का नावाची बाई होती. ती इंग्रजीत सांगायची आणि मी सगळ्यांसाठी मराठी करायचो. आत गेल्यावर मोठ्याने बोलायचं नसतं, म्हणून तिने प्रत्येकाला एक हेडसेट दिला. ती लांबून हळू बोलली तरी आपल्या कानात ऐकू येतं.

दत्ताभाऊंचे कान हातोडीने कधीच नेले आहेत. कानातल्या मशीनवर हेडसेट बसेना. बसवला की शिट्टी वाजायची. फ्रान्चेस्काने तीन वेळा प्रयत्न केला, मग ती ओशाळून मला म्हणाली की यांना काहीच कळणार नाही, फार वाईट वाटतंय.

मी ते दत्ताभाऊंच्या कानाशी जाऊन सांगितलं. त्यांनी हेडसेट नीट गुंडाळून तिच्या हातात दिला आणि म्हणाले, "बाईंना सांगा, मी बघायला आलोय."

*

आत पाऊल टाकलं आणि आमचं चालणंच थांबलं. मागून लोक येत होते, बाजूने जात होते, आम्ही दारातच. एवढी उंची मी डोंगराखेरीज कुठे पाहिलेली नाही. वानखेड्यांच्या तोंडून फक्त "बाप्पा" एवढाच शब्द आला. एरवी ते आमच्यासारखं बोलतात, पण थक्क झाले की वऱ्हाडीवर येतात. त्या दिवशी ते बाहेर पडेपर्यंत वऱ्हाडीतच होते.

थोडं पुढे खांबापाशी पवित्र पाण्याचं एक कुंड आहे. ते दोन संगमरवरी बाळांनी धरलंय. पंख असलेली, गुबगुबीत. वानखेड्यांना नुकती नात झाली होती. म्हणाले, या बाळासोबत माझा एक फोटो काढा, सुनेला पाठवतो.

ते बाळाकडे चालायला लागले आणि मी फोन धरला. स्क्रीनवर मला दिसत होतं की वानखेडे पुढे जातायत तसतसे लहान होतायत आणि बाळ मोठं होतंय. शेवटी ते त्याच्याजवळ पोचले तेव्हा बाळ त्यांच्यापेक्षा उंच निघालं. लांबून अंदाजच येत नाही तिथे. सगळंच मोठं असल्यामुळे मोठं काहीच वाटत नाही.

वानखेडे मान वर करून बाळाच्या तोंडाकडे बघत राहिले. कुंदाताई मागून म्हणाल्या, "वानखेडे, आता त्याला सांगा, तुम्हाला कडेवर घ्यायला."

*

मधल्या मोठ्या दालनात जमिनीवर पितळी खुणा आहेत. फ्रान्चेस्का वाकून दाखवत होती. जगातली दुसरी मोठमोठी चर्च इथे आणून ठेवली तर ती दारापासून कुठपर्यंत येतील, ते त्या खुणांवर लिहिलंय. म्हणजे एक चर्च इथपर्यंत पुरेल, दुसरं तिथपर्यंत, आणि सगळी या एका वास्तूत मावतील.

मी भाषांतर केलं. कुंदाताईंनी नीट ऐकून घेतलं, दोन-तीन खुणा चालत जाऊन बघितल्या आणि परत आल्या. "स्वतःच्या घरात दुसऱ्याची घरं किती लहान ते लिहून ठेवलंय," त्या म्हणाल्या. "म्हणजे आपल्या पेठेतलेच आहेत की हे लोक."

फ्रान्चेस्काने मला विचारलं, त्या काय म्हणाल्या. मी म्हटलं, त्यांना इथे घरच्यासारखं वाटतंय.

*

उजव्या हाताला काचेच्या मागे मेरीचा तो प्रसिद्ध पुतळा आहे, मृत मुलाला मांडीवर घेऊन बसलेली. शुभा आमच्या लग्नाच्या आधीपासून या पुतळ्याबद्दल बोलते. शाळेत तिच्याकडे त्याचं एकच चित्र होतं, कुठल्याशा कॅलेंडरमधून कापून पुठ्ठ्यावर चिकटवलेलं. तेच तीस वर्षं फळ्याला टेकवून ती मुलांना दाखवायची.

तिथे खूप गर्दी होती. लोक पाठ करून सेल्फी घेत होते. शुभा हळूहळू सरकत काचेपाशी पोचली आणि उभी राहिली. फ्रान्चेस्काने दोनदा हात करून बोलावलं. मी शुभाच्या खांद्याला हात लावला. ती म्हणाली, तुम्ही व्हा पुढे.

मी गेलो नाही. बाकीचे गेले. मेरीच्या पदराच्या, म्हणजे त्या वस्त्राच्या, गुडघ्यांमधून खाली येणाऱ्या चुण्यांकडे ती बघत होती. मग म्हणाली की मी मुलांना चुकीचं शिकवलं. मला वाटलं तिला काही तारीखबिरीख आठवली असेल.

"मी सांगायचे, हा दगड कापडासारखा दिसतो," ती म्हणाली. "अहो, हे कापडच आहे."

*

घुमटाच्या बरोबर खाली, मुख्य वेदीवर एक प्रचंड मंडप आहे. पिळाच्या चार खांबांचा, सगळा ब्राँझचा. अलीकडेच त्याची सफाई झाली होती, त्यामुळे सोन्यासारखा दिसत होता. आम्ही पोचलो तर दत्ताभाऊ कठड्याला धरून आधीच उभे होते. किती वेळ उभे होते कुणास ठाऊक.

फ्रान्चेस्काने माहिती सुरू केली. मी दोन वाक्यं केली असतील, दत्ताभाऊंनी माझा दंड पकडला. बोटाने खांब दाखवत ते म्हणाले की हा अखंड नाही. तुकडे ओतलेत आणि एकावर एक चढवलेत. सांधा इथे आहे, त्या पानांच्या खाली. तिथे वर दुसरा. पानं नक्षी म्हणून नाहीत, सांधा झाकायला आहेत.

मी ते इंग्रजीत सांगितलं. फ्रान्चेस्का बोलायची थांबली. खांब तुकड्यांत ओतले आहेत हे तिने परीक्षेला पाठ केलं होतं, बारा वर्षं ती ते लोकांना सांगत होती. पण सांधा कुठे आहे ते तिला कधी दिसलं नव्हतं. ती दत्ताभाऊंच्या शेजारी जाऊन उभी राहिली, त्यांच्या बोटाच्या रेषेत डोळा लावला आणि बघत राहिली. मग म्हणाली, "दिसला."

दत्ताभाऊंना ते ऐकू आलं नसणार. त्यांनी नुसते हात जोडले. आम्हाला वाटलं, देवाला. चहाच्या टपरीवर एकदा मी विचारलं, तर ते म्हणाले, "छे. ज्याने सांधा लपवला त्याला."

*

घुमटावर चढता येतं. अर्ध्यापर्यंत लिफ्ट आहे, पुढे तीनशेच्या वर पायऱ्या. दत्ताभाऊ आणि बायका खाली थांबल्या. वानखेडे आणि मी निघालो.

लिफ्टनंतर थोडं चढलं की घुमटाच्या आतल्या बाजूने एक गोल गॅलरी आहे. जाळीतून खाली दिसतं. ब्राँझचा तो मंडप, ज्याच्याकडे आम्ही मान मोडेपर्यंत बघितलं होतं, तो खाली खेळण्यातल्या पलंगासारखा दिसत होता. माणसं तर तांदळाएवढी. मी भिंतीला पाठ लावून उभा राहिलो.

वानखेडे मात्र जाळीला नाक लावून होते. उंचीवरून खाली बघणं हीच त्यांची नोकरी होती. तीस वर्षं ते कारखान्याच्या छताखालच्या केबिनमध्ये बसून खालच्या माणसांच्या डोक्यांवरून टनांचे तापलेले लोखंडी गोळे नेत होते, आणि एकालाही ओरखडा येऊ दिला नाही. त्याचा त्यांना अभिमान आहे आणि तो ते लपवत नाहीत.

त्यांनी खाली बघितलं, मग वर, मग भिंतीवरून हात फिरवला. एवढा दगड, एवढी वीट, इथवर कशी आली असेल, याचा हिशोब त्यांच्या डोक्यात चालला होता.

"या लोकायजवळ कोनती क्रेन होती?" त्यांनी विचारलं.

मी म्हटलं, क्रेन कुठली, दोर आणि माणसं. वानखेड्यांनी डोक्यावरची टोपी काढली. पुढच्या सगळ्या पायऱ्या ती हातात धरूनच चढले.

*

आम्ही उतरून आलो तर शुभाने ओठांवर बोट ठेवलं आणि डोळ्यांनी एका बाजूला खुणावलं.

कुंदाताईंचे पाय दुखायला लागले होते. कडेच्या एका बाकापाशी जाऊन त्या स्वतःशीच म्हणाल्या होत्या, "गेले बाई आता पाय." तिथे बसलेले एक काळ्या झग्यातले फादर सरकले आणि म्हणाले, "बसा ना काकू, जागा आहे." वसईचे निघाले. रोममध्ये शिकायला आले होते. शुभा सांगते, कुंदाताई लगेच त्यांच्या शेजारी बसल्या.

आता त्या दोघांना बोलायला लागून अर्धा तास झाला होता. आम्ही लांबच थांबलो. आधी कुंदाताई बोलत होत्या, हातवारे करून. मग फादर थोडं बोलले. मग दोघंही नुसते समोर बघत बसले.

इथे एक सांगायला हवं. कुंदाताईंना एक धाकटी बहीण आहे, सुमनताई. आमच्याच गल्लीत, समोरच्या इमारतीत. दोघींच्या बाल्कन्या समोरासमोर, दोघी एकाच वेळी कपडे वाळत घालतात, आणि तोवर नऊ वर्षं एकमेकींशी बोललेल्या नव्हत्या. दिवाळीत सुमनताईंचं ऑपरेशन झालं, तेव्हाही कुंदाताई आमच्याकडूनच तब्येत विचारून घ्यायच्या, तेही आडून.

फादर उठले, नमस्कार करून गेले. कुंदाताई आमच्याकडे आल्या. डोळे लाल होते. कुणी काही विचारायच्या आत त्यांनी शुभाकडे फोन मागितला आणि घुमटाच्या खाली, मंडपाच्या अलीकडे जाऊन उभ्या राहिल्या. आम्ही मागोमाग गेलो. नंबर त्यांना पाठ होता. लँडलाइनचा.

पुण्यात तेव्हा दुपारचे तीन वाजले होते. सुमनताई दुपारी कुणाचाच फोन उचलत नाहीत. घंटी वाजत राहिली. कुंदाताईंनी फोन दोन्ही हातांनी धरला होता.

मग ती थांबली आणि कुंदाताई म्हणाल्या, "सुमे, मी कुंदा."

पलीकडून काय आलं ते आम्हाला ऐकू आलं नाही. कुंदाताई थांबल्या. "नाही गं, काही झालं नाही. रोममध्ये आहे मी." परत थांबल्या. "इथे वर बघत होते. म्हटलं, तुला सांगावं."

एवढं बोलून त्यांनी फोन कानापासून काढला, हात जमेल तितका उंच केला आणि तो घुमटाकडे धरून ठेवला.