मामंजींची पॅसेजमधली फेरी

मुलुंडला चाळीतून जवळच्याच ब्लॉकमध्ये राहायला आलो, तेव्हा माझ्या आनंदाचं खरं कारण हॉल नव्हता, घरातला संडास होता. रांग नाही, दारावर थापा नाहीत. आल्यागेल्याला मी तो देव्हाऱ्याच्याही आधी दाखवायची.

मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी मामंजी, म्हणजे माझे सासरे, कोकणातून आले. त्यांनाही मोठ्या हौसेने दाखवला. त्यांनी नाकाला पंचा लावला. "तुमी जेवतास थंयच बसतास?"

गावाला हा सगळा कारभार परड्यापलीकडे, आणि घरात शिरताना पायांवर पाणी. दुसऱ्या दिवशी सकाळी मामंजी टमरेल घेऊन आमच्या जुन्या चाळीच्या रांगेत उभे! माझ्या नव्या ब्लॉकच्या अब्रूचं पार खोबरं झालं.

त्यात डॉक्टरांनी सांगितलं, ऑपरेशननंतर काही दिवस जिना उतरायचा नाही. मामंजींनी लगेच पिशवी भरायला घेतली. डोळे गेले तरी बेहत्तर, पण घरात बसणार नाहीत. मला हसूही येत होतं आणि काळजीही वाटत होती, कारण त्यांना आता ताटातला भातसुद्धा नीट दिसत नव्हता. शेवटी ह्यांनी थाप मारली, "बाबा, हयच पॅसेजच्या टोकाक सगळ्यांचो एक संडास आसा." पिशवी खाली ठेवली गेली.

ऑपरेशन झालं. एका डोळ्यावर पट्टी, दुसऱ्याला सगळं धूसर. रोज सकाळी हे त्यांचा हात धरून दाराबाहेर न्यायचे, पॅसेजमध्ये फेरी मारायचे आणि गुपचूप आमच्याच दारातून आत आणून आमच्याच संडासात सोडायचे. परतताना पुन्हा तशीच फेरी. उंबऱ्यावर मी पायांवर पाणी घालायची आणि गंभीर चेहऱ्याने विचारायची, "आलात?" एरवी ह्या बापलेकांचं बोलणं 'जेवलंस?' 'जेवलंय' याच्यापुढे कधी गेलं नव्हतं.

पट्टी निघाली, चष्मा आला, तेव्हा ह्यांना घाम फुटला. मामंजी मात्र शांतपणे चहा पीत म्हणाले, "माका पयल्याच दिवशी कळला. सगळ्यांच्या संडासात सुनेच्या फोडणीचो वास खयसून येतलो?"

"मगे बोललात कित्याक नाय?" ह्यांनी विचारलं.

"तू हात धरी होतंस मां."

मी उगाच चहाचं आधण बघायला आत गेले. दुसऱ्या दिवशी मामंजी, डोळ्यांना लख्ख दिसत असताना, टमरेल घेऊन दारात उभे राहिले. ह्यांनी हात पुढे केला.