बाणांच्या शिपायाला बोललेला नवस

२० जानेवारी १९१२. घरातले तीन जीव प्लेगने गेले होते. दोन उरले होते.

उरलेली दोन माणसे म्हणजे बेळगावजवळच्या कंग्राळी गावची विधवा अक्काताई आणि तिचा चौदा वर्षांचा मुलगा भावकू. सारे गाव शेतातल्या खोपटांत राहायला गेले होते. त्या सकाळी भावकूच्या काखेत गाठ दिसली. बेळगावच्या कॅम्पात अक्काताई ज्यांच्याकडे दूध घाली, त्या गोवेकर शिंप्याच्या बायकोकडे, पियेदादकडे, ती औषध मागायला धावली. औषध नव्हते. पियेदादने भिंतीवरची तसबीर दाखवली: खांबाला बांधलेला, अंगभर बाण रुतलेला तरुण.

"सां सेबास्त्यांव. आमचा ख्रिस्ती संत. शिपाई होता. बाण लागूनही मेला नाही. एका विधवेनं त्याची सेवा केली. प्लेगात आम्ही यालाच हाक मारतो."

पुढचे ऐकायला अक्काताई थांबली नाही. शिपायाच्या देवाला शिपाईच हवा असणार, असे धरून ती बोलून गेली, "माझा भावकू वाचीव. त्याला तुझ्या पलटणीत दीन."

भावकू वाचला.

चार वर्षांनी महायुद्धाची भरती गावात पोचली. अक्काताईचा नवस गावभर ठाऊक होता. निवृत्त हवालदार मारुतीराव भरतीसाठी तिच्या खळ्यावर आला.

"आक्का, पोरगं लई दांडगं झालंय. देवाला टोपी घालतीस व्हय?"

"जातो की गं आये," भावकू म्हणाला. "रोज उठून माझं कपाळ चाचपतीस, त्यापरीस बंदूक बरी."

मुलगा देवाला देताना काय वाहायचे, हे विचारायला ती पियेदादकडे गेली. पियेदाद दचकली.

"मुलगा? मेणबत्ती लाव, पुरे."

"माझा नवस मेणबत्तीचा न्हाय, बाई."

"अक्काताय, त्याला बाण मारले ते त्याच्याच पलटणीनं. तो ख्रिस्ती म्हणून राजाचा हुकूम होता."

"आन् त्या बाईनं बरं केल्यावर?"

"परत राजासमोर उभा राहिला, जाब विचारायला. मग काठ्यांनी ठार मारला."

"म्हंजी तिनं राबून वाचीवला, त्यो पुन्यांदा मारायलाच?"



मारुतीरावाला अक्काताईने एवढेच सांगितले, "पोरगं देत न्हाय. देवाचं माझं मी बघीन."

शब्द मोडल्याचे भय मात्र तिने कधी कमी लेखले नाही. भावकूला साधे पडसे आले तरी ती अन्न टाकून त्याच्या उशाशी बसे. त्याला मुले झाल्यावर त्यांच्याही. १९३८ साली ती वारली. भावकू तेव्हाही कंग्राळीत शेती करीत होता.

नवस फिटलेला नव्हता.