चंद्रभागाबाईंनी रचलेली साचगार

चंद्रभागा मुनेश्वर ह्या बाई आंध्रातल्या आदिलाबाद जिल्ह्यात, बेल्याजवळच्या एका गावात मराठी शाळेवर शिकवत. आईबापांनी जन्मभर दुसऱ्यांचा कापूस वेचला, पण लेकीला वेचणीच्या दिवसांतही शाळा बुडवू दिली नाही. त्याची जाण बाईंना होती. गावात कुणी भानामतीचं नाव काढलं की त्या हातातला खडू खाली ठेवत आणि तासभर बोलत. "तपासल्याशिवाय काही खरं मानायचं नाही," हे त्यांचं वाक्य पोरं पाढ्यासारखं म्हणत. अशा बाईंच्या हातून गावाला एक नवा देव मिळावा, हे काही कुणाच्या मनात आलं नव्हतं. त्यांच्या तर मुळीच नाही.

झालं असं. सत्याऐंशी साली मराठी पुस्तकांऐवजी शाळेत तेलुगू पुस्तकांचा गठ्ठा येऊन पडला. खनिजांचा धडा बाईंनी तोंडीच घेतला. मँगनीज म्हटलं की पोरं जांभया देत, चुनखडी म्हटलं की खिडकीबाहेर बघत. तेव्हा बाईंनी जमिनीखाली सप्तकोट नावाचं एक राज्य वसवलं आणि तिथल्या खाणीत साचगार नावाचं खनिज पुरलं. खरं बोलणाऱ्याच्या हातात ती गार उजळायची, खोटं बोलणाऱ्याच्या हातात विझायची. राजदरबारात ती एकदाही पेटली नाही, म्हणून तिथे भर दुपारी पलिते लावावे लागत. पोरं इतकी खूश झाली की बाईंनी गोष्ट लिहून नागपूरच्या एका बालमासिकाकडे धाडली. ती छापून आली. शेवटी बाईंचं नाव होतं आणि त्याखाली 'जि. आदिलाबाद'.

ह्या एका ओळीनं घोटाळा केला. गावचे चंपतराव पाटील ह्यांच्या मालकीचा एक माळ होता. त्यात ज्वारीसुद्धा धरत नसे, गारगोट्या मात्र उदंड. नातीनं गोष्ट वाचून दाखवली तसे पाटील शेवटची ओळ खाणीचाच पत्ता समजून दोन गारगोट्या घेऊन अंधाऱ्या कोठीत शिरले, दार लावून घेतलं आणि त्या एकमेकींवर घासल्या. आत फिकट उजेड पडला.

पाटील तडक शाळेत आले. "बाई, साचगार आमच्या माळावर हाय."

"पाटील, ते म्या मनानं रचलं हो," बाई म्हणाल्या. "तुमच्याजवळ हाय ते गारगोटी. कोनतीबी घासा, चमकतेच."

"रचलं? मंग मले काऊन दिसली?"

बाईंनी पुन्हा समजावलं. पाटील हसले आणि गावात सांगत सुटले, "बाई लपवून राह्यली. सरकारी मानूस, भेद थोडीच सांगन!"

पाटलांनी मंडल कार्यालयात, म्हणजे तिकडच्या तहसिलीत, माळाच्या तपासणीसाठी अर्ज दिला. तिथे कारकून होते बाईंचे यजमान, मारोतराव. त्यांनाच तो आवक वहीत चढवावा लागला. संध्याकाळी घरी येऊन ते म्हणाले, "तुह्या गोष्टीले आज नंबर भेटला. माह्या बदलीच्या अर्जाले तीन वर्षांत नाई भेटला."

जिल्ह्याहून खनिज खात्याचे एक साहेब आले. त्यांनी हातोडीनं चार दगड फोडले, पाटलांकडे जेवले आणि तेलुगूत अहवाल लिहून गेले. मारोतरावांनी तो मराठीत वाचून दाखवला: सदर खनिज सध्या आढळून आले नाही. पाटलांनी ते वाक्य तीनदा वाचायला लावलं. "सध्या म्हनते," ते समाधानानं म्हणाले. "म्हंजे पुढं आढळन."

बाईंकडे मात्र लेखी खुलासा मागण्यात आला की, मुलांना असत्य का शिकवलं? गोष्ट काल्पनिक आहे, असं त्यांनी लिहून दिलं. कागद परत आला: काल्पनिक असल्याचा पुरावा जोडावा.

पुढे पाटलांनी एक मोठी गार चावडीत नेऊन ठेवली. भांडणतंटा झाला की लोक ती हातात देऊन शपथ घ्यायला लावत. एक्क्याण्णव साली पाटलांचं कापसाचं एक गाठोडं हरवलं आणि आळ आला जयवंताबाईवर. म्हातारी एकटी, वेचणीवर पोट भरणारी. चावडीच्या मागच्या खोलीत खिडकी लावून तिच्या मुठीत गार दिली. गार पेटली नाही. नुसती धरलेली गारगोटी कशी पेटणार?

मधल्या सुट्टीत बाईंच्या कानावर आलं. त्या तशाच चावडीवर गेल्या. जयवंताबाई भिंतीला टेकून रडत होती. हे सगळं खोटं आहे, असं ओरडावं असं बाईंना वाटलं. पण चार वर्षं त्या तेच ओरडत होत्या आणि चार वर्षं कुणी ऐकलं नव्हतं.

"थांबा," त्या म्हणाल्या. "साचगारीची गोष्ट कोनं लिवली?"

"तुमीच," सगळे म्हणाले.

"मंग रीत मलेच ठाऊक. एकली गार पेटत नसते. दुसरी गार आळ घेनाऱ्यानं घ्याची, अन् हिच्या गारेवर घासाची. उजेड पडला त बाई निर्दोष."

पाटलांचा चेहरा उतरला. घासल्यावर काय होतं हे गावात त्यांच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं. पण कोणतीही गारगोटी घासली की चमकते, असं म्हणावं तर माळाची किंमत मातीची! त्यांनी मुकाट्यानं गार उचलली. खोलीत फिकट उजेड पडला आणि बाहेर गलका झाला. आठ दिवसांनी ते गाठोडं पाटलांच्याच बैलबंडीत, कडब्याखाली सापडलं; पण त्याची कुणी चर्चा केली नाही. गारेनं निकाल आधीच दिला होता.

त्या दिवशी निकाल लागताच जयवंताबाई डोळे पुसत बाहेर आली, गारेला कुंकू लावलं, डोकं टेकलं आणि बाईंना म्हणाली, "देवीनं वाचोलं, बाई."

बाईंनी तिला हाताला धरून उठवलं. ती सुटली ह्याचा आनंद खरा होता आणि आपण आयुष्यात पहिल्यांदा ठरवून थाप मारली, हेही खरं होतं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी रस्त्यावरच्या गारगोट्या वर्गात आणल्या, दारं-खिडक्या लावल्या आणि एकेक जोडी घासून दाखवली. प्रत्येक जोडी चमकली. पोरं थक्क झाली. शेवटी पहिल्या रांगेतली एक मुलगी उभी राहिली. "म्हंजे बाई, साऱ्याच गारा साचगार हायेत?"

चौऱ्याण्णवमध्ये मारोतरावांची बदली एकदाची मंजूर झाली आणि बाईही आदिलाबादला गेल्या. निरोपाच्या सभेत भाषण चंपतरावांनीच केलं. ते म्हणाले, "ह्या बाईनं आमच्या गावाले खरं बोलाले शिकोलं." टाळ्या बराच वेळ वाजत होत्या. बाईंनी हात जोडले, नारळ घेतला आणि खाली मान घालून बसल्या.