भिंगापुढचा हात

काका गेल्याचं माझ्या सुनेनं सांगितलं तेव्हा मी त्यांच्याच डब्याचं झाकण लावत होते. इथे अमेरिकेत, पार्सिपनीत, आमच्या समोर राहणारे साने काका, रिटायर झालेले डॉक्टर, काकू गेल्यापासून एकटेच. शुक्रवारी संध्याकाळी मी भाजी-भाकरी घेऊन जायची आणि ते मला बेसमेंटमध्ये जुना सिनेमा दाखवायचे. दुसरं महायुद्ध संपल्यानंतरच्या, पंधरा-वीस मिनिटांच्या, नुसत्या गाण्यांच्या आणि गमतीच्या फिल्म. "लढाई संपली होती, लोकांना हसायचं होतं," काका म्हणायचे. भिंतीवर पांढरी चादर, मागे खडखडणारा प्रोजेक्टर. माझी शाळा चौथीपर्यंत, इंग्रजी कळत नाही, म्हणून ते मशीनपाशी उभं राहून मराठीत सांगायचे, "हा वेटर बघा, सुमनताई. ह्याला गायचंय आणि मालक म्हणतो, आधी सूप वाढ!" मी तोंडाला पदर लावून हसायची.

पहिल्याच वेळी आखूड झग्यातल्या मुली छत्र्या घेऊन नाचायला आल्या. परक्या पुरुषासमोर हे कसं बघायचं… मी मान खाली घातली. काकांनी प्रोजेक्टरच्या भिंगापुढे हात धरला आणि गाणं तेवढं ऐकू दिलं. ती फिल्म ते दर शुक्रवारी लावायचे, मग ती रीतच पडली. नाच आला की चादरीवर बोटांची मोठी सावली, आणि फटीतून एखादी छत्री, एखादा पाय. गाणं संपता संपता काका स्वतःशीच हसायचे. मला वाटायचं, माझ्या लाजण्याला हसतात. खरं तर मला तो नाच बघायचा होता. दर शुक्रवारी ठरवून जायची, आज म्हणायचं, काका, हात काढा… जीभ रेटायची नाही.

काही आठवड्यांनी त्यांची मुलगी मीरा तिकडे ॲरिझोनातल्या चँडलरहून घर आवरायला आली. मला खाली घेऊन गेली. "मावशी, ही लावते हं. बाबांची फेवरेट." छत्र्या उघडल्या. मी सवयीनं हाताची वाट बघितली.

"हाच पार्ट ते परत परत लावायचे," मीरा म्हणाली. "आई छत्री घेऊन सेम स्टेप्स करायची. अलीकडे बघायचे का हो?"

मी चादरीकडेच बघत राहिले. समोर सगळ्या मुलींनी छत्र्या मिटल्या. शेवटच्या मुलीची काही केल्या मिटेना, ती तशीच उघडी घेऊन पळाली. काका नेमके ह्याच जागी हसायचे… हाताआड धड काही दिसत नसताना.

मीरानं दिवा लावला. चादर कोरी झाली होती, आणि माझी मान वर होईना.