कायम शपथेवर असलेले काका

मुनिरक्यातल्या या गल्लीत माझी शेगडी आज पेटते आहे ती याच घरात समोरच्या खोलीत भाड्यानं राहणाऱ्या काकांमुळे, हे आधी सांगतो. काय झालं ते मग. असा माणूस अख्ख्या दिल्लीत दुसरा नसेल. मूळचे साताऱ्याचे, जन्म गेला कोर्टात टायपिंग करण्यात, आणि निवृत्त झाल्यावरही चोवीस तास शपथेवर. सहज "कसे आहात?" म्हटलं तरी उत्तर यायचं, "डावा गुडघा सोडून बरा." भाजीवाला "बिल्कुल ताज़ा है" म्हणाला की "कितने बजे तोड़ा?" अशी उलटतपासणी सुरू. परीक्षेला बसलेल्या एका पोरानं आशीर्वादाच्या आशेनं विचारलं, "काका, या वेळी होईल ना माझं?" तर म्हणाले, "अभ्यास मागच्या वेळेपेक्षा कमी आहे. तब्येत मात्र सुधारली आहे." आणि माझ्या आमटीबद्दल? "आजची खारट. कालची बरी होती. परवाची आठवत नाही, म्हणून बोलत नाही."

मी परभणीकडचा, आठवीतून शाळा सोडलेला. इथल्या मराठी मुलांना डबे देतो. एक दिवस कोर्टाचा कागद आला. मालकाच्या मुलाला अभ्यासिका काढायची आहे, इथल्या भाषेत लायब्ररी. घरात दुसरी जागा नाही. सबब भाडेकरूनं खोली सोडावी. खोली गेली की शेगडी गेली, आणि शेगडी गेली की गावाकडची गाडी. बायकोला फोनवर सांगायचीही हिंमत होईना.

आमच्या वकीलसाहेबांनी उत्तरात लिहिलं, की मी खोलीत फक्त राहतो, धंदा करत नाही. काकांनी ते वाचून चष्मा काढला.

"मग जिरं काय तुझ्या अंगावर येऊन तडतडतं का रे?"

"काका, खरं लिहिलं तर हरेन."

"हरशील कदाचित. पण एक खोटं सापडलं की बाकीच्या खऱ्यावरही कुणी विश्वास ठेवत नाही. जन्मभर तेच टाईप केलंय मी."

ओळ खोडली. वकीलसाहेब पुढे महिनाभर माझ्याशी हूं-हां करूनच बोलले.

साक्षीला काका उभे राहिले. मालकाच्या वकिलानं विचारलं, "ये आपके दोस्त हैं?"

"पड़ोसी हैं. मिर्च ज़्यादा डालते हैं."

"कमरे में धंधा करता है?"

"करता है. चालीस डिब्बे. इतवार को पैंतीस."

मी डोळे मिटून घेतले. वकिलाला चेव आला. "और घर में दूसरी जगह नहीं है, ये भी सच है?"

"ये झूठ है. मेरा कमरा इससे बड़ा है, सड़क पर खुलता है. लायब्ररी वहाँ अच्छी चलेगी. मुझसे किसी ने पूछा ही नहीं."

मालक खाली बघायला लागला. कोर्टातला मुरलेला म्हातारा, वीस वर्षं भांडेल, या धास्तीनं त्यानं काकांना सोडून आठवीवाल्याला धरलं होतं.

न्यायाधीशबाईंनी विचारलं, "आपको उस कमरे की ज़रूरत नहीं?"

काकांना उत्तर शोधावं लागलेलं मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. लेक नोएडाला राहायची, दोन वर्षं बोलावत होती. काका मात्र काही ना काही कारण काढून इथंच.

"ज़रूरत नहीं है, मैडम," शेवटी म्हणाले. "आदत है."

मालकानं दावा मागे घेतला. पुढच्याच महिन्यात काका नोएडाला गेले. टाइपरायटर टॅक्सीत ठेवताना मला राहवलं नाही. "काका, माझ्यामुळे तुमची खोली गेली."

"चूक. माझ्या उत्तरामुळे गेली. नीट सांगत जा."

आता समोरच्या लायब्ररीत पोरं कानात इयरफोनची बोंडं घालून वाचत बसतात. रविवारी मी मेट्रोनं काकांना डबा पोचवतो, तिखट बेतानं. तरी परवा म्हणालेच, "जास्त आहे. पण खाईन."

कधीतरी मोठी जागा घेईन, काका. रस्त्याकडे दार उघडणारी एक खोली तुमच्या नावानं ठेवीन. आणि गरज आहे का, असं तुम्हाला विचारणार नाही.