लेकीच्या खात्यावर बापाची करमणूक

आमच्या घरातल्या करमणुकीवर बंदी मीच आणली. लेक पल्लवी डॉक्टर व्हायचं म्हणून लातूरला क्लासला लागली, तिला सांभाळायला बायको तिथंच खोली करून राहिली आणि उदगीरच्या घरात मी एकटा उरलो. "बारावी होईस्तोवर टीव्ही बंद!" असं जाहीर करून मी छपरावरची डिशसुद्धा उतरवली. (मोबाईलबद्दल काही बोललो नव्हतो.)

एका सकाळी बायकोचा फोन आला. "अवं, पोरगी अभ्यास करून न्हाई राहिली! तिच्या मोबाईलात बघितलेल्या व्हिडिओंची यादीच सापडली मला. लई हायत!"

"कसले?"

"कुस्त्या! लावण्या! चुलीवरचं मटण! अन् टकलावर केस उगवायचे उपाय!"

माझं डोकंच तापलं. (वर केस नसल्यानं ते लवकर तापतं.) पोरीची आवड बाकी झकास आहे, असंही क्षणभर वाटून गेलं.

"मोबाईल कुलपात टाक, मी निघालो!" म्हणत मी एसटी धरली.

खोलीत पाऊल टाकताच मी सुरू झालो. इतका ओरडलो, की शेजारच्या खोल्यांतली लेकरंही घाबरून पाठांतर करू लागली! "परीक्षेपर्यंत मोबाईल मिळणार न्हाई!"

पल्लवी रडकुंडीला आली. "पप्पा, माझ्या सगळ्या टेस्ट त्याच्यावरच असतात! अन् मी यातलं काहीच बघितलं न्हाई!"

"मग यादी खोटी हाय?" मी पुरावा म्हणून मोबाईल मागवला. बायकोनं कुलूप काढलं. पल्लवीनं यादी उघडून वरपासून खालपर्यंत बोट फिरवलं. मग हळूच म्हणाली, "आई, मोबाईल सकाळपासून कुलपात हाय ना? मग आजचे हे सात व्हिडिओ कुणी बघितले?"

उदगीर ते लातूर एसटीत मी बरोबर सात बघितले होते.

"पप्पा, दिवाळीत तुम्हाला पासवर्ड आठवत नव्हता म्हणून मी तुमच्या मोबाईलात माझंच खातं घालून दिलं होतं."

टीव्ही बरा होता हो! बंद केला की कुणी काय बघितलं हे विसरून जायचा. हा मोबाईल सगळं लिहून ठेवतो! बायकोनं आधी माझ्या टकलाकडं बघितलं, मग हात पुढं केला. लेकीचा मोबाईल लेकीला मिळाला आणि माझा कुलपात गेला.

पुढं पल्लवीला खरंच डॉक्टरकीला प्रवेश मिळाला. डोळ्यांत पाणी आणून मी गल्लीत पेढे वाटत होतो. शेजारी म्हणाले, "पोरीसाठी काय त्याग केला राव तुम्ही! वर्षभर मोबाईलला हात लावला न्हाई!"

मी मान खाली घालून म्हणालो, "हाव, लेकरांसाठी करावंच लागतं."